भिंतीवरचा बिबट्या किती वर्षं जगतो?

(व्याख्यानाचं शब्दांकन. बोलण्याचा ओघ शक्यतो तसाच ठेवला आहे. शेवटी निवडक प्रश्नोत्तरं आहेत.)



आजचा विषय आहे रस्त्यावरच्या चित्रांमधले प्राणी, आणि अशा सार्वजनिक चित्रांचं पुढे काय होतं. ठाणे, कल्याण, डोंबिवली या पट्ट्यात राहणाऱ्या माणसाला हा विषय काही परका नाही. उड्डाणपुलाचे खांब, शाळेची कुंपणभिंत, नाल्याचा कठडा, स्टेशनचा जिना, अशा कितीतरी जागा गेल्या दहा-बारा वर्षांत रंगल्या. स्वच्छ भारत अभियान २०१४ मध्ये आलं, शहरांचं स्वच्छ सर्वेक्षण २०१६ मध्ये सुरू झालं, आणि भिंती रंगवणं हे महापालिकांच्या कामाच्या यादीत पक्कं बसलं. आता या भिंतींवर असतं काय, तर बिबट्या असतो, गुलाबी रोहित पक्षी असतो, मोर असतो, हत्ती असतो. फुलपाखरं तर असतातच.

भिंत रंगवून झाली की उद्घाटनाचे फोटो निघतात. त्याच भिंतीचे तीन वर्षांनंतरचे फोटो मात्र कुणी काढत नाही. आज आपण त्या तीन वर्षांनंतरचंच बोलणार आहोत.

माझं म्हणणं आधीच सांगून टाकते, म्हणजे तुम्हाला शेवटपर्यंत ताटकळायला नको. सार्वजनिक चित्र किती टिकेल हे रंगाच्या डब्यावरची हमी ठरवत नाही. त्या चित्राला पुन्हा हात लावायला कोण येणार, यावर ते ठरतं. आपल्याच भागात प्राण्यांच्या चित्रांची जी जुनी उदाहरणं आहेत, ती बघितली की हे स्वच्छ कळतं. म्हणून आधी जुन्याकडे जाऊ, मग उड्डाणपुलाखाली येऊ.

कुडाची भिंत आणि तांदळाचं पीठ

पालघर जिल्हा १ ऑगस्ट २०१४ ला वेगळा झाला. त्याआधी डहाणू, तलासरी, जव्हार, मोखाडा हा सगळा मुलूख ठाणे जिल्ह्यातच होता. म्हणजे वारली चित्रकला जगाला कळली ती ठाणे जिल्ह्याची भित्तिचित्रकला म्हणून.

ती मुळात कशी होती? घरात लग्न निघालं की कुडाच्या भिंतीवर शेणमातीचा हात फिरवायचा, वर गेरू द्यायचा. तांदळाचं पीठ पाण्यात कालवायचं, बांबूची काडी टोकाला चेचून तिचा कुंचला करायचा आणि सवाशिणींनी चौक लिहायचा. हो, ‘लिहायचा’. वारली बायका चौक काढतात असं म्हणत नाहीत, लिहितात असं म्हणतात. चौकात पालघट देवी असते, शेजारच्या छोट्या चौकात घोड्यावर बसलेला पाचशिऱ्या असतो. भोवती झाडं, पाखरं, माकडं, मुंग्या, कधी वाघ. माणसं आणि जनावरं तिथे एकाच मापाची, एकाच रेषेची असतात.

आता त्या चौकाचं आयुष्य बघा. चुलीचा धूर आहे, पावसाळ्यातली ओल आहे, पोरंसोरं भिंतीला टेकतात. वर्षा-दोन वर्षांत चित्र पुसट होणार, भिंत पुन्हा सारवली की जाणारच. कुणी हळहळत नाही, कारण पुढच्या लग्नाला नवा चौक लिहिला जाणार असतो. एकेक चौक अल्पायुषी, पण चौक लिहिण्याची रीत पिढ्यान् पिढ्या चालत आलेली. १९७० च्या दशकात जिव्या सोमा म्हसे यांच्यासारखा पुरुष चित्रकार हे काम कागदावर, कापडावर करू लागला. त्यांना २०११ मध्ये पद्मश्री मिळाली, २०१८ मध्ये ते गेले. कागदावर आलेलं वारली चित्र संग्रहालयात टिकतं ते काचेमुळे आणि कोरड्या हवेमुळे. भिंतीवरचं वारली चित्र टिकत होतं ते लग्नांमुळे. हा फरक पुढे आपल्याला लागणार आहे.

याच मुलखात दुसरी गोष्ट आहे, वाघोबा. लाकडी फळीवर किंवा दगडावर कोरलेला वाघ, सोबत सूर्य-चंद्र, कधी नाग, आणि वर शेंदूर. येऊरच्या पाड्यांपासून डहाणूपर्यंत ही ठाणी दिसतात. २०२१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात मुंबई उपनगर, ठाणे आणि पालघर या भागांत वाघोबाची दीडशेहून जास्त ठाणी नोंदली गेली. या भागात आता पट्टेरी वाघ राहिलेला नाही, पण बिबट्यालाही लोक वाघच म्हणतात, त्यामुळे देव आणि जनावर यांची ओळख तुटलेली नाही. दिवाळीच्या तोंडावर वाघबारस येते, त्या दिवशी वाघोबाची पूजा होते, नैवेद्य होतो. फळी कुजली तर नवी बसवतात. ही फळी उघड्यावर असते, पावसात असते. तरी ती जागा ओस पडत नाही, कारण तिथे दर वर्षी कुणीतरी यायचं हे ठरलेलं आहे.

दगडावरचं गाढव

याच्या अगदी उलट टोकाचं उदाहरण भिवंडी-कल्याण पट्ट्यातच आहे. शिलाहार राजे कुणाला जमीन किंवा गाव दान देत, तेव्हा त्याचा लेख दगडावर कोरत. वर सूर्य-चंद्र, म्हणजे ते आकाशात असेपर्यंत हे दान चालावं. मध्ये मजकूर. आणि खाली गाढव. या शिळेला गधेगाळ म्हणतात. जो हे दान मोडेल त्याच्या आईवर काय प्रसंग येईल ते खालच्या चित्रात उघडंनागडं दाखवलेलं असतं. सभेत त्याचं वर्णन करत नाही, पण वाचता न येणाऱ्या माणसालाही ते लांबून समजत असे, आणि तोच त्याचा उपयोग होता. भिवंडी तालुक्यात लोनाडजवळ चौधरपाड्याला केशिदेवाच्या काळातला असा लेख आहे, शके ११६१ चा, म्हणजे इसवी सन १२३९-४० च्या सुमाराचा.

सार्वजनिक जागेवर प्राण्याचं चित्र, आणि तेही राखणीसाठी. म्हणजे काय, तर भिंतीवर लोकांनी थुंकू नये म्हणून आपण जिन्याच्या कोपऱ्यात देवांच्या टाइल बसवतो ना, त्याच जातीचं हे काम. फरक एवढाच, की शिलाहारांनी त्यासाठी देव न वापरता गाढव वापरलं.

हे दगड पावणेआठशे-आठशे वर्षं टिकले, ते कसे? दगड पक्का आहे हे खरंच. पण बहुतेक गधेगाळांवरचा मजकूर कुणाला वाचता येईनासा झाला, राज्यं गेली, दानं गेली. काही शिळांना लोकांनी देव समजून शेंदूर फासला, त्या वाचल्या. काही अशुभ म्हणून कुणी हलवल्या नाहीत, त्याही वाचल्या. ज्यांच्याबद्दल ना भक्ती राहिली ना भीती, त्या बांधाला, पायरीला, पायाला गेल्या. दगडाचंसुद्धा असं आहे बघा. आजूबाजूच्या माणसांचा त्याच्याशी काही संबंध उरला असेल तरच तो उभा राहतो.

सकाळी काढायची, संध्याकाळी पुसायची

तिसरा प्रकार आपल्या दारातला. चैत्रात अंगणात चैत्रांगण काढतात. त्यात हत्ती असतो, गाय असते, मोर, नाग, कासव असतात. चातुर्मासात गोपद्मं काढतात. नागपंचमीला पाटावर किंवा भिंतीवर नाग काढून पूजतात. डोंबिवलीत १९९९ पासून गुढीपाडव्याची शोभायात्रा निघते, ही कल्पना तिथून महाराष्ट्रभर गेली. त्या शोभायात्रेच्या वाटेवर रांगोळ्या घातल्या जातात, आणि यात्रा पुढे सरकली की त्या पायाखाली जातात. रांगोळी पुसली गेली म्हणून तक्रार करणारा माणूस मी अजून पाहिला नाही. ती जाण्यासाठीच असते.

आता हे तीन प्रकार मनात ठेवा, पुढे हेच शब्द वापरणार आहे.

पहिली रांगोळी: तिचं आयुष्य थोडं, आणि ते सगळ्यांना आधीपासून माहीत.

दुसरा चौक: चित्र थोडा काळ राहतं, पण ते पुन्हा लिहायची रीत ठरलेली असते. वाघोबाची फळी यातच आली.

तिसरी शिळा: एकदाच करायची, खर्चही तसाच करायचा, आणि ती मोडू नये याची तजवीज तिच्यातच करून ठेवायची.

तीनही पद्धती आपापल्या जागी चोख आहेत. घोळ होतो तो यांची सरमिसळ केली की. आपली आजची बरीचशी भित्तिचित्रं रांगोळीच्या खर्चात केलेली असतात, लोकांना शिळा म्हणून दाखवली जातात, आणि चौकासारखी ती पुन्हा लिहायची सोय तर कुठेच केलेली नसते.

उड्डाणपुलाखाली काय होतं

चित्र मरतं कसं, हे जरा तपशिलात बघू. कोकणपट्टीतला पाऊस म्हणजे वर्षाला अडीच हजार मिलीमीटरच्या आसपास, तोही चार महिन्यांत. सिमेंटचं प्लास्टर हे पाणी पितं. पाणी सुकताना आतले क्षार बाहेर येतात, त्याला आपण भिंतीला लोणा लागला म्हणतो. वर रंगाचा पापुद्रा असेल तर क्षार त्याला मागून ढकलतात, फुगे येतात, मग पोपडे पडतात. डोंगर कापून किंवा भराव घालून बांधलेल्या भिंतीच्या मागे तर कायमची ओली माती असते. त्या भिंतीला पाणी बाहेर पडायला भोकं ठेवलेली असतात, आणि तिथून येणारा काळा ओघळ बरोबर चित्राच्या तोंडावरून खाली येतो.

यावर उपाय नाहीत असं नाही. भिंत पुरती वाळू द्यायची, जुना सुटा रंग खरवडायचा, बाहेरच्या भिंतीसाठीचा प्रायमर द्यायचा, ॲक्रिलिक रंग वापरायचे, वरून संरक्षक लेप द्यायचा. पण एप्रिल-मेमध्ये घाईघाईनं काम उरकायचं असेल आणि दर चौरस फुटावर लावलेला असेल, तर सगळ्यात आधी काटछाट होते ती या न दिसणाऱ्या थरांमध्ये. दिसणारा थर, म्हणजे बिबट्या, तेवढा झकास होतो.

रंगांचीही एक गंमत आहे. वारली भिंतीवरचा गेरू म्हणजे लोखंडाचा ऑक्साइड, गंजाचाच भाऊ. त्याला ऊन काय करणार? तो फिका पडत नाही. उलट भडक गुलाबी, किरमिजी रंगांतली बरीच रंगद्रव्यं उन्हाला कच्ची असतात. म्हणून भित्तिचित्रात सगळ्यात आधी विटतो तो रोहित. योगायोग बघा, खरा रोहित पक्षीही जन्मतः गुलाबी नसतो. पिल्लू राखाडी असतं. खाडीतलं शेवाळ आणि बारीक जीव खाऊन त्यांतल्या कॅरोटिनॉइडमुळे तो गुलाबी होतो. म्हणजे खाण्याची जागा गेली तर त्याचाही रंग जाणार. दोन्ही गुलाबी रंगांना देखभाल लागते, एकाला भिंतीची आणि दुसऱ्याला खाडीची.

पाऊस आणि ऊन हे झाले सोपे शत्रू. त्याहून जास्त चित्रं जातात ती माणसांच्या कामांमुळे. रस्ता रुंद झाला, पूल पाडला, मेट्रोचे पत्रे लागले, केबल टाकायला भिंत फोडली. कल्याणचा १९१४ चा पत्रीपूल २०१८ मध्ये पाडला, डोंबिवलीचा कोपर पूल २०१९ मध्ये बंद होऊन २०२१ मध्ये नव्यानं उघडला. अशा शहरात कुठलीच भिंत कायमची नसते. आणि पुलाला काही झालं नाही तर पोस्टर आहेतच. महाराष्ट्रात मालमत्तेचं विद्रूपीकरण रोखण्याचा कायदा १९९५ पासून आहे. तरी वाढदिवसाच्या शुभेच्छांपुढे बिबट्याचं काही चालत नाही.

एकाच हाताची नऊ चित्रं

आता थोडं लांब जाऊ, लंडनला. कारण तिथे एक प्रयोगच आपोआप होऊन गेला. बॅन्क्सी या टोपणनावानं काम करणाऱ्या चित्रकारानं ऑगस्ट २०२४ मध्ये लंडनच्या रस्त्यांवर नऊ दिवसांत नऊ प्राणिचित्रं काढली. हात एकच, महिना एकच, शहर एकच, हवा एकच. मग नऊही चित्रांचं नशीब एक असायला हवं की नाही?

तसं झालं नाही. डिश अँटेनावर काढलेला लांडगा काही तासांत लोकांदेखत पळवला गेला. जाहिरातीच्या मोडक्या फलकावरचं मांजर त्याच दिवशी काढून न्यावं लागलं. गेंड्यावर त्याच संध्याकाळी कुणीतरी फवाऱ्यानं रेघोट्या मारल्या. पोलिसांच्या चौकीवजा काचेच्या खोक्यावर काढलेले मासे तिथल्या पालिकेनं उचलून सुरक्षित जागी नेले. प्राणिसंग्रहालयाच्या शटरवरचा गोरिला संग्रहालयानं जपून काढून ठेवला आणि जागेवर त्याची प्रतिकृती लावली.

चित्रकार जगप्रसिद्ध, चित्रं लाखमोलाची, तरीही निकाल लावला तो भिंत कुणाची आणि तिथे जबाबदार माणूस कोण यानं. जिथे संस्था होती तिथे चित्र राहिलं. बॅन्क्सीची ही गत, तर आपल्याकडे रोजंदारीवर काम करणाऱ्या, भिंतीवर नावही नसलेल्या चित्रकाराच्या बिबट्याचं काय होणार?

कायदा काय म्हणतो

लोक विचारतात, कलाकाराला काही हक्क आहे का? आहे. कॉपीराइट कायदा १९५७ चं कलम ५७. मोबदला घेऊन काढलेल्या चित्राचा कॉपीराइट, करारात वेगळं काही नसेल तर, साधारणपणे काम देणाऱ्याकडे जातो. पण कलम ५७ चे दोन हक्क चित्रकाराकडेच राहतात. एक, हे काम माझं आहे असं सांगण्याचा. दोन, त्या कामाची मोडतोड करून माझ्या लौकिकाला बाधा आणली तर दाद मागण्याचा.

यावरचा गाजलेला खटला अमरनाथ सेहगल यांचा. दिल्लीच्या विज्ञान भवनात त्यांचं ब्राँझचं भलंमोठं भित्तिशिल्प होतं. १९५७ मध्ये काम दिलं गेलं, १९६२ मध्ये पुरं झालं. १९७९ मध्ये दुरुस्तीच्या निमित्तानं ते उतरवलं आणि गोदामात टाकलं, त्यात त्याची मोडतोड झाली. दिल्ली उच्च न्यायालयानं २००५ मध्ये निकाल दिला: शिल्पाचे अवशेष कलाकाराला परत करा आणि पाच लाख रुपये भरपाई द्या. उतरवल्यापासून निकालापर्यंत सव्वीस वर्षं गेली.

म्हणजे कलाकार सुरक्षित झाला का? पुढचं ऐका. प्रगती मैदानातला ‘हॉल ऑफ नेशन्स’ २०१७ मध्ये पाडला. त्याचे वास्तुविशारद राज रेवाल न्यायालयात गेले. २०१९ मध्ये त्याच उच्च न्यायालयानं सांगितलं की मालक इमारत पूर्ण पाडत असेल तर वास्तुविशारदाला कलम ५७ खाली ते रोखता येणार नाही. तो निकाल वास्तूबद्दलचा आहे, चित्राबद्दलचा नाही. पण भिंतच मालकाची आहे, तिथे चित्रकाराची बाजू किती नाजूक आहे हे त्यावरून दिसतं.

अमेरिकेत १९९० चा वेगळा कायदा आहे. त्यात इमारतीवरचं चित्र काढून नेण्याजोगं असेल, तर मालकानं कलाकाराला नव्वद दिवसांची नोटीस द्यायची असते. न्यूयॉर्कमध्ये ‘फाइव्ह पॉइंट्झ’ नावाच्या इमारतीवरची चित्रं मालकानं २०१३ मध्ये एका रात्रीत पांढरा रंग मारून झाकली. २०१८ मध्ये न्यायालयानं एकवीस कलाकारांना मिळून ६७ लाख ५० हजार डॉलर द्यायला लावले, आणि २०२० मध्ये अपिलातही ते कायम राहिलं. यातली नोटिशीची कल्पना मला फार व्यवहारी वाटते. चित्र कायम ठेवा असा हट्ट त्यात नाही. पुसण्याआधी सांगा, फोटो घेऊ द्या, जमलं तर काढून नेऊ द्या, एवढंच.

भिंतीवर कोण येतं, कोण येत नाही

आता प्राण्यांकडे परत येऊ, कारण खरा मुद्दा इथे आहे.

ठाण्याला लागून संजय गांधी राष्ट्रीय उद्यान आहे, सुमारे १०४ चौरस किलोमीटरचं. येऊर हा त्याचाच भाग. तिथे बिबटे आहेत. फेब्रुवारी २०१९ मध्ये एक बिबट्या ठाण्यातल्या समतानगर भागात मॉलच्या आवारात शिरला, आणि मग जवळच्या हॉटेलच्या तळघरातून त्याला बेशुद्ध करून पकडावं लागलं. नोव्हेंबर २०२२ मध्ये कल्याण पूर्वेला एक बिबट्या थेट राहत्या इमारतीत शिरला, माणसं जखमी झाली. दुसऱ्या बाजूला ठाणे खाडी. २०१५ मध्ये तिथे १,६९० हेक्टरचं रोहित अभयारण्य जाहीर झालं, २०२२ मध्ये खाडीला रामसर स्थळाचा दर्जा मिळाला. आणि मे २०२४ मध्ये घाटकोपरला विमानाची धडक बसून जवळजवळ चाळीस रोहित एका रात्रीत मेले.

म्हणजे बिबट्या आणि रोहित हे आपल्यासाठी कॅलेंडरवरचे प्राणी नाहीत, ते शेजारी आहेत. शेजारी म्हटलं की तंटाही आला आणि जबाबदारीही आली. वाघोबाच्या फळीत हे दोन्ही होतं. तो वाघ भीतीचा होता, मानाचा होता, त्याला द्यायचं काय आणि त्याच्याकडून घ्यायचं काय हे ठरलेलं होतं. उड्डाणपुलाखालचा बिबट्या मात्र नुसता रुबाबदार असतो. त्याच्या चित्रावरून मला कळत नाही की कचरा उघड्यावर टाकला की कुत्री वाढतात आणि कुत्र्यांच्या मागे बिबट्या येतो. चित्रानं एवढं सांगितलं तरी त्याचा खर्च वसूल झाला.

दुसरं म्हणजे, भिंतीवर कुणाला प्रवेश नाही ते बघा. हत्ती या भागात राहत नाही, तरी तो भिंतीवर असतो. पण खाडीच्या तिवरांत राहणारा कोल्हा कुठे दिसतो? चिखलावर सरपटणारी निवटी? कोळीवाड्यातल्या माणसाला निवटी ओळखता येते, पकडता येते, रांधता येते. तिला भिंतीवर कोण घेणार? ती देखणी नाही ना. आपण भिंतीसाठी प्राणी निवडतो ते देखणे म्हणून, शेजारी म्हणून निवडत नाही. मग त्या चित्राचे पोपडे पडले तर आजूबाजूच्या कुणाला काही वाटत नाही, कारण ते कुणाचंच नसतं. निवटीचं चित्र कोळीवाड्याच्या तोंडाशी काढून बघा. तिचा कल्ला चुकला तरी दुसऱ्या दिवशी चार माणसं येऊन सांगतील. त्या चार माणसांमुळेच ते चित्र टिकेल.

मग करायचं काय?

नवीन भिंत रंगवण्याआधी पाच गोष्टी ठरवाव्यात, असं मी सुचवते. यात फार पैसे लागत नाहीत.

एक. हे चित्र रांगोळी आहे, चौक आहे की शिळा, हे कागदावर लिहा. दोन वर्षांचं असेल तर दोन वर्षांचं म्हणा. मुदत संपली की सन्मानानं पुसा आणि दुसऱ्याला भिंत द्या.

दोन. चौक असेल तर तो पुन्हा लिहायचा महिना आणि माणूस ठरवा. शेजारची शाळा, सोसायटी, मंडळ, कुणीही चालेल. पावसाळा संपला की दसऱ्याआधी भिंतीला हात लागला पाहिजे.

तीन. एकूण खर्चातला एक हिस्सा देखभालीसाठी पहिल्याच दिवशी बाजूला काढा. नंतर तो मिळत नाही.

चार. भिंतीच्या कोपऱ्यात चित्रकाराचं नाव आणि वर्ष लिहा. कलम ५७ चा पहिला हक्क तोच आहे, आणि त्याला वीतभर जागा लागते.

पाच. पुसण्याआधी तीस दिवस कळवा आणि चांगला फोटो काढून ठेवा. रस्त्याचं काम अडत नाही यानं.

एवढं बोलून थांबते. आता प्रश्न घेऊ.

प्रश्नोत्तरांतून

*प्रश्न: महापालिकेच्या भिंतींवर सगळीकडे वारली चित्रं दिसतात. ते चांगलं की वाईट?*

बघा, वारली चित्रकलेला २०१४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालेलं आहे. त्यामुळे पहिला प्रश्न असा विचारायचा की हे चित्र काढलं कुणी आणि पैसे कुणाला मिळाले. वारली कलाकाराला बोलावून, त्याचं नाव लिहून काम झालं असेल तर छानच आहे. एरवी बहुतेक ठिकाणी तारप्याचा नाच तेवढा उचललेला असतो, छापा मारल्यासारखा. पालघट गेली, वाघ गेला, उरली ती नक्षी. त्यापेक्षा दर वर्षी एकच भिंत एका वारली कुटुंबाला द्या. त्यांनी काय लिहायचं ते त्यांना ठरवू द्या.

*प्रश्न: चित्रांऐवजी तोच पैसा तिवरांवर, जंगलावर का खर्च करू नये?*

चित्रांचं बजेट आणि जंगलाचं बजेट एकमेकांच्या खिशातलं नसतं. चित्र बंद केलं म्हणून तिवरं वाचतील असं होत नाही. पण तुमच्या प्रश्नातली बोच बरोबर आहे. खाडीत भराव पडताना गप्प बसायचं आणि पुलाखाली रोहित काढायचा, हे जमणार नाही. म्हणून मी म्हणते की ज्या प्राण्याचं चित्र काढाल त्याच्या जागेबद्दल एक खरी ओळ त्याच भिंतीवर लिहा. अभयारण्य कुठे सुरू होतं, भरती-ओहोटीला पक्षी कुठे असतात, बिबट्या दिसला तर फोन कुणाला करायचा.

*प्रश्न: आमच्या सोसायटीच्या भिंतीवर दहा वर्षांपूर्वी मुलांनी प्राणी काढले होते. आता सगळं उडालंय. वाचवायचं की पुसायचं?*

ती मुलं आता कॉलेजात असतील. त्यांना विचारा. त्यांच्यापैकी कुणी यायला तयार असेल, तर आताच्या लहान मुलांना सोबत घेऊन तीच भिंत पुन्हा लिहा. जुनं चित्र जसंच्या तसं गिरवायची गरज नाही. कुणीच येणार नसेल, तर फोटो काढा, पुसा आणि पांढरी भिंत ठेवा. रंग द्यायच्या आधी फक्त लोणा खरवडून घ्या आणि पाणी कुठून मुरतंय ते शोधा, नाहीतर पांढरा रंगही एकच पावसाळा काढेल.